संवाद पुटपुटतात, स्फोट दणाणतात, अंधाराचे चौकोन होतात: घरच्या पडद्यावर सिनेमा नेमका बिघडतो कुठे?

पडदेवाला:

घरी सिनेमा बघणाऱ्यांच्या तीन तक्रारी हमखास ऐकू येतात. एक, संवाद कळत नाहीत म्हणून आवाज वाढवावा, तर पुढच्याच मिनिटाला बंदुका सुटतात आणि रिमोट शोधायची धांदल. दोन, रात्रीच्या दृश्यात भिंतीवर चौकोनी ठिगळं. तीन, महागडा टीव्ही आणला आणि सिनेमा मालिकेसारखा दिसायला लागला. तिन्हींचं मूळ एकच आहे, पण चर्चा तुकड्यातुकड्यांत होते, म्हणून हा धागा.

फिल्मच्या रिळावर आवाजाची पट्टी चित्राशेजारीच छापलेली असायची. मिक्सिंग करणाऱ्यानं जे ठरवलं तेच थिएटरात वाजायचं, फार तर कमी-जास्त. आता फाइलमध्ये आवाजाचे सहा किंवा त्याहून जास्त चॅनल वेगवेगळे असतात आणि चित्राच्याही लहान-मोठ्या बिटरेटच्या (सेकंदाला जाणाऱ्या माहितीच्या) अनेक प्रती असतात. यातली कुठली प्रत घ्यायची, सहा चॅनलचे दोन कसे करायचे, २४ फ्रेम ६०मध्ये कशा बसवायच्या, हे ठरवतो तुमच्या खोलीतला डबा. म्हणजे शेवटचं मिक्सिंग घरीच होतं, आणि ते करणारं यंत्र कारखान्यातून निघतं ते शोरूममध्ये उठून दिसायच्या तयारीनं.

आधी आवाजाचं बघू. ५.१ (पाच स्पीकर आणि खर्जाचा एक सबवूफर) ट्रॅकमध्ये संवाद जवळजवळ सगळे मधल्या, म्हणजे सेंटर चॅनलवर असतात. टीव्हीला स्पीकर दोनच. मग डाउनमिक्स होतं: सेंटर ३ डेसिबलनं उतरवून डाव्या-उजव्या दोन्हींत घालतात, मागचे सराउंड चॅनलही साधारण तेवढेच उतरवून त्याच दोघांत, आणि सबवूफरचा चॅनल बहुतेक वेळा सरळ टाकून देतात. संवादाला स्वतःचा स्पीकर होता तो गेला. आता संगीत, पाऊस, गर्दी आणि माणूस सगळे त्याच दोन भोकांतून बाहेर पडणार. त्यात पातळ टीव्हीचे स्पीकर खाली नाहीतर मागे तोंड करून बसवलेले. बोलण्यातला जोर स्वरांमध्ये असतो, पण शब्द कळतो व्यंजनांवरून. स, श, फ, ट यांची ओळख साधारण २ ते ८ किलोहर्ट्झच्या पट्ट्यात असते आणि भिंतीवर आपटून येताना नेमकी तीच बोथट होते.

नुसता टीव्ही असेल, साउंडबार नसेल, तर या क्रमानं करा:

१. ॲपमध्ये सिनेमा चालू असताना भाषा-आवाजाच्या मेनूत जा. ५.१ आणि स्टीरिओ असे दोन पर्याय दिसले तर स्टीरिओ घ्या. त्याचं डाउनमिक्स स्टुडिओत माणसानं ऐकून तपासलेलं असण्याची शक्यता जास्त.
२. टीव्हीच्या साउंड मेनूत व्हर्च्युअल सराउंड, थ्रीडी साउंड असल्या नावाचं जे काही असेल ते बंद करा. ते फेजशी, म्हणजे डाव्या-उजव्या लहरींच्या मेळाशी खेळतं आणि सगळ्यात आधी मधला आवाज पसरट करतं.
३. नाइट मोड किंवा ऑटो व्हॉल्यूम चालू करा. मोठे आवाज दाबले जातात, बारीक वर येतात.
४. एवढं करूनही भागलं नाही तरच क्लियर व्हॉइस. ते २-४ किलोहर्ट्झचा भाग उचलतं, त्यामुळे कायम चालू ठेवलं तर संगीत पत्र्यावर वाजल्यासारखं होतं.

चित्राबद्दल जाणकारांनी लिहावं.

कानसेन:

चांगला धागा. पातळीचे आकडे मी देतो, कारण त्याशिवाय हे प्रकरण उलगडत नाही.

थिएटरच्या मिक्सिंगमध्ये संदर्भ पातळी असते ८५ डेसिबल. पिंक नॉइज (चाचणीचा एकसारखा घोंघाट) डिजिटल कमालीच्या २० डेसिबल खाली ठेवून वाजवायचा आणि पडद्यामागच्या प्रत्येक स्पीकरकडून बसायच्या जागी ८५ आले पाहिजेत. म्हणजे वर २० डेसिबल मोकळे, एक चॅनल १०५पर्यंत जाऊ शकतो. सबवूफरचा चॅनल आणखी १० वर. फिल्मवरच्या ऑप्टिकल पट्टीला एवढी मोकळीक कधीच नव्हती, जास्त भरलं की आवाज फाटायचा. डिजिटलनं ते छत उचललं आणि मिक्सिंगवाल्यांनी ती उंची वापरली.

आता हेच घरी आणा. रात्री दहाला दिवाणखान्यात संवाद ६० डेसिबलच्या आसपास ऐकले जातात. पंख्याचा, रस्त्याचा आवाजच ३५-४० असतो. कुजबुज त्याच्याखाली बुडते आणि स्फोट ८५-९०ला जातो.

म्हणून चांगल्या निर्मितीत घरासाठी वेगळं मिक्स करतात, त्याला नियरफील्ड म्हणतात. नेटफ्लिक्सची अट अशी आहे की संवादाची सरासरी पातळी -२७ एलकेएफएस (कानाला जाणवणाऱ्या मोठेपणाचं माप) हवी, फार तर २ इकडे-तिकडे, आणि ट्रू पीक, म्हणजे सगळ्यात उंच शिखर, -२च्या वर जाता कामा नये. गंमत पाहा, इथे मोजतात फक्त संवाद. युरोपातल्या प्रसारणात ईबीयू आर१२८ प्रमाणे अख्ख्या कार्यक्रमाची सरासरी -२३ लागते, अमेरिकेत एटीएससी ए/८५ प्रमाणे लक्ष्य -२४चं. चॅनल बघताबघता ॲपवर गेलं की आवाज उतरल्यासारखा वाटतो तो यामुळे. टीव्ही बिघडलेला नसतो.

साशंक:

आकडे ठीक आहेत, पण सगळा दोष डाउनमिक्सवर ढकलणं मला पटत नाही. जुने सिनेमे त्याच टीव्हीवर, त्याच दोन स्पीकरांवर लावा, शब्द न् शब्द कळतो. म्हणजे डबा तोच असताना फरक पडतोय. मग नट पुटपुटतात आणि मिक्सर त्यांना पुटपुटू देतो असं सरळ का म्हणू नये?

कानसेन:

@साशंक, मुद्दा रास्त आहे. पण त्या पुटपुटण्यामागेही यंत्रच आहे.

पूर्वी डोक्यावरचा बूम माइक आणि टेप. टेपला स्वतःची सरसर असायची, त्यामुळे हळू बोललेलं वाक्य वर उचललं की सरसरही वर यायची. नटाला आवाज फेकावाच लागायचा. आता छातीला चिकटवलेला लॅपल माइक, प्रत्येक नटाचा वेगळा ट्रॅक, आणि रेकॉर्डर २४ बिट किंवा ३२ बिट फ्लोट. ओठांतल्या ओठांत बोललेलंही स्वच्छ नोंदलं जातं, मग दिग्दर्शक तोच टेक ठेवतो. पण स्वच्छ नोंदलेलं आणि ऐकून समजणारं यांत अंतर आहे. पुटपुटलेल्या वाक्यात व्यंजनं मुळातच कमी उमटलेली असतात, ती कुठल्याच बटणानं परत येत नाहीत.

आणखी एक. मिक्सिंगच्या टेबलावर बसलेल्या माणसांनी ते वाक्य शेकडो वेळा ऐकलेलं असतं. संवाद पाठ झाला की पातळी कितीही खाली ठेवा, त्यांना कळतोच. म्हणून काही ठिकाणी संहिता न वाचलेल्या माणसाला आणून ऐकवतात. ही पद्धत सक्तीची करावी असं माझं मत.

साशंक:

हे पटलं. म्हणजे दोष अर्धा-अर्धा.

फुटकळ:

साउंडबार आहे, ५.१ लिहिलंय, तरी संवाद दबलेलेच येत असतील तर काय बघायचं?

पडदेवाला:

@फुटकळ, साउंडबार असला की वरच्या यादीतली पहिली पायरी उलटी करायची. स्टीरिओ ट्रॅक पाठवलात तर बारमधला मधला स्पीकर अंदाजानं चालतो.

आधी वायर बघा. टीव्हीच्या सगळ्या एचडीएमआय खोबणी सारख्या नसतात. ज्या एकीवर एआरसी किंवा ईएआरसी (टीव्हीचा आवाज त्याच वायरीतून बारकडे नेणारी सोय) लिहिलंय तिथेच बार लागला पाहिजे आणि बारच्या बाजूलाही तशीच खोबण. टीव्हीत सीईसी (वायरीतून उपकरणांनी एकमेकांना आज्ञा देणं) बंद असेल तर एआरसी जागंच होत नाही. प्रत्येक कंपनी सीईसीला वेगळं नाव देते, जनरल किंवा एक्स्टर्नल डिव्हाइस मेनूत सापडेल.

मग टीव्हीचं डिजिटल ऑडिओ आउटपुट. पीसीएम (टीव्हीनं आधीच उलगडलेला आवाज) असेल तर साध्या एआरसीवरून फक्त स्टीरिओ जातो, आणि लोकांच्या घरी बहुतेक वेळा इथेच घोडं पेंड खातं. पासथ्रू (न उलगडता पुढे पाठवणं) किंवा ऑटो करा. ऑप्टिकल वायर असेल तर तिच्यावरून साधा डॉल्बी डिजिटल ५.१ जातो, पण स्ट्रीमिंगवाले वापरतात तो डॉल्बी डिजिटल प्लस जात नाही, टीव्हीला तो उलगडून परत बांधावा लागतो आणि सगळे टीव्ही ते करत नाहीत. साध्या एआरसीवर प्लस चालतो, त्यात गुंडाळलेला ॲटमॉस, म्हणजे डोक्यावरूनही येणारा आवाज, तोही चालतो. ब्लू-रे डिस्कवरचा ट्रूएचडी मात्र ईएआरसीशिवाय जात नाही.

सगळं जुळलं की बारच्या सेटिंगमध्ये सेंटर +३ करा. ६च्या वर नेऊ नका, संवाद पडद्यापासून सुटून कानाशी आल्यासारखे वाटतात. आणि खोक्यावर २.१ लिहिलं असेल तर त्यात सेंटर नाहीच. ३.१ किंवा ५.१ हवा.

बिटबिटे:

चौकोनांकडे वळू. हा माझा आवडता विषय, त्यामुळे जरा लांबेल.

८ बिट व्हिडिओत उजेडाचे २५६ आकडे, पण प्रत्यक्षात काळा १६ला आणि पांढरा २३५ला धरतात. अंधाऱ्या खोलीतली भिंत घ्या. दिव्याजवळ ती समजा ४०वर आहे आणि कोपऱ्यात १८वर. म्हणजे अख्ख्या भिंतीवरचा उजेडाचा उतार फक्त २२ पायऱ्यांत दाखवायचा. पडदा १९२० पिक्सेल रुंद असेल आणि भिंत त्यावर पसरली असेल, तर एकेक पायरी ८०-९० पिक्सेलची पट्टी होते. डोळ्याला त्या पट्ट्या दिसतात. याला बँडिंग म्हणतात आणि हे कॉम्प्रेशन व्हायच्या आधीचं आहे.

आता त्यावर एन्कोडर, म्हणजे फाइल दाबून लहान करणारा, बसतो. एच.२६४ हा कोडेक (दाबायची पद्धत) चित्र १६ बाय १६च्या तुकड्यांत बघतो, त्याच्यानंतरचा एचईव्हीसी ६४ बाय ६४पर्यंत जातो. प्रत्येक तुकड्यात बारीक बदल किती महत्त्वाचा हे ठरवून बिट वाटायचे. १८ आणि १९मधला फरक त्याला नगण्य वाटतो, म्हणून तो अख्खा तुकडा एका रंगाचा करून मोकळा होतो. शेजारचा तुकडा एक आकडा वर. झाले चौकोन. वर फिल्मचा दाणा (चित्रावरची बारीक रवाळ सळसळ) असेल तर आणखी पंचाईत. दाणा प्रत्येक फ्रेमला नवा आणि बिनपॅटर्नचा, त्याचा अंदाज बांधता येत नाही, तो सगळे बिट खाऊन टाकतो आणि भिंतीला उरतं काय?

तरी बराचसा दोष टीव्हीचा. एन्कोडर जे अंधारात लपेल असं धरून चालतो, तेच टीव्ही डायनॅमिक कॉन्ट्रास्ट आणि शॅडो डिटेल लावून उजेडात आणतो.

करायचं काय:

पहिलं, पिक्चर मोड विविड किंवा डायनॅमिकवरून काढून सिनेमा, मूव्ही किंवा फिल्ममेकरवर न्या. अर्धे चौकोन तिथेच जातात.

दुसरं, बाहेरची स्ट्रीमिंग काडी किंवा सेट-टॉप बॉक्स असेल तर एचडीएमआय ब्लॅक लेव्हल दोन्हीकडे सारखी आहे का बघा. डबा १६-२३५ पाठवतो आणि टीव्ही ०-२५५ समजतो तेव्हा काळा करडा दिसतो आणि ठिगळं उघडी पडतात. उलटं झालं तर सावल्यांतलं सगळं काळ्यात गडप. दोन्हीकडे ऑटो, नाहीतर दोन्हीकडे लिमिटेड.

तिसरं, खरोखर कुठली प्रत येतेय ते तपासा. रिमोटच्या इन्फो बटणानं किंवा ॲपच्या प्लेबॅक माहितीत रिझोल्यूशन दिसतं. १०८०पीला साधारण ५ मेगाबिट, ४केला १५ ते २५ असा हिशोब धरा. १५ मेगाबिट म्हणजे तासाला पावणेसात जीबी. तुमच्या वापरात तासाला एखादाच जीबी दिसत असेल तर ४केचं नुसतं बोधचिन्ह दिसतंय, ४के येत नाहीये. ॲपमधला डेटा सेव्हर बघा.

फुटकळ:

नेट १०० मेगाबिटचं असूनही ४८०पी येत असेल तर?

बिटबिटे:

@फुटकळ, मग नेटचा संबंध नाही, कुलपाचा आहे. वाइडवाइन नावाची चोरीविरोधी यंत्रणा असते, तिचे स्तर. एल१ म्हणजे उलगडणं प्रोसेसरच्या सुरक्षित कप्प्यात होतं, एल३ म्हणजे नुसतं सॉफ्टवेअरमध्ये. एल३ उपकरणाला बरीच ॲप ४८०पीच्या वर देत नाहीत, पडदा कितीही भारी असो. बूटलोडर उघडला की काही फोन एल१वरून एल३वर घसरतात. संगणकावर ब्राउझर बदलला की रिझोल्यूशन बदलतं तेही याच कारणानं. ४केसाठी एचडीएमआयच्या सगळ्या साखळीला एचडीसीपी २.२ (वायरीवरचं तसंच कुलूप) लागतं. मध्ये जुना रिसीव्हर किंवा स्प्लिटर असेल तर तिथेच अडतं. काढून थेट लावून बघा.

आणि वायर लावली म्हणजे वेग वाढलाच असं नाही. बऱ्याच टीव्हींचं लॅन पोर्ट १०० मेगाबिटचंच असतं. स्ट्रीमिंगला भरपूर झालं, पण घरच्या सर्व्हरवरून ४के डिस्कची फाइल चालवाल तर अडखळेल, कारण त्या डिस्कचा बिटरेट १०० मेगाबिटच्या वर जाऊ शकतो. तिथे ५ गिगाहर्ट्झ वायफाय बरं पडतं.

साशंक:

दाण्याबद्दल एक विचारायचं राहिलं. एव्ही१ या नव्या कोडेकमध्ये दाणा काढून टाकतात आणि परत घालतात असं वाचलंय. म्हणजे आपण बघतो तो दाणा नकली?

बिटबिटे:

हो, आणि उघडपणे नकली. एव्ही१ (२०१८) मध्ये फिल्म ग्रेन सिंथेसिस आहे. एन्कोडर आधी चित्र धुऊन घेतो, दाण्याची जाडी, दाटी आणि उजेडानुसार बदल एवढेच आकडे पाठवतो, आणि तुमचा डिकोडर तसाच दिसणारा दाणा जागेवर तयार करतो. बिट वाचतात, वर बँडिंग झाकलं जातं ते वेगळंच. मला यात वावगं वाटत नाही. पण धुताना एन्कोडरनं हात जोरात चालवला तर चेहऱ्यावरचे छिद्र-सुरकुत्याही जातात आणि मेणाच्या चेहऱ्यावर दाणे भुरभुरल्यासारखं दिसतं. ते मात्र हताश करतं.

१० बिटचं सांगायचं राहिलं. त्यात १०२४ पायऱ्या, म्हणजे वरच्या भिंतीला २२च्या जागी ८८. एचडीआर (जास्त उजेड-अंधार दाखवणारं चित्र) १० बिटमध्ये येतं, त्यामुळे काही ठिकाणी एचडीआर नको असलं तरी एचडीआरची प्रत बरी दिसते.

रीळमास्तर:

इथे सगळे घरात अडकलेत, थोडं थिएटरात या. तिथेही डिजिटलनं नवे घोळ आणले आहेत आणि बाहेर त्याबद्दल फारसं बोललं जात नाही.

३५ मिमीवर मिनिटाला ९० फूट फिल्म जायची. दोन तासांचा सिनेमा म्हणजे १०,८०० फूट, दोन-दोन हजारांची सहा रिळं. ओझं होतं, ओरखडे होते, पण रीळ हातात असलं की खेळ व्हायचा. आता डीसीपी, म्हणजे थिएटरला येणारा डिजिटल सिनेमाचा फाइलसंच. प्रत्येक फ्रेम वेगळी जेपीईजी २०००मध्ये, १२ बिट रंग, कमाल २५० मेगाबिट, आवाज २४ बिट विनाकॉम्प्रेशन. २५०नं दोन तास धरले तर २२५ जीबी. घरच्या १५ मेगाबिटच्या जवळपास सतरापट, अर्थात घरचा कोडेक आधीच्या फ्रेमची मदत घेतो आणि हा घेत नाही, त्यामुळे चित्र सतरापट चांगलं असा अर्थ काढू नका.

डिस्क आली म्हणजे झालं असं नाही. एकतर ती सर्व्हरवर चढवावी लागते. यूएसबी २वर सेकंदाला ३० एमबी धरले तर २०० जीबीला जवळपास दोन तास, आणि प्रेक्षक दारात. दुसरं, डिस्क ईएक्सटी२ किंवा ईएक्सटी३ फॉरमॅटची आणि आयनोड (फाइलची नोंद ठेवायचा कप्पा) १२८ बाइटचा हवा. संगणकावरून एक्सफॅटवर कॉपी करून आणलेली डिस्क बऱ्याच सर्व्हरांना दिसतच नाही. महोत्सवांत छोट्या सिनेमांचं इथेच घोडं अडतं. तिसरं, २५ फ्रेमचा सिनेमा जुन्या इंटरऑप पद्धतीत बांधलेला असेल तर तो चालेलच याची हमी नाही. इंटरऑपमध्ये २४ आणि ४८च अधिकृत. २५ हवं तर नव्या एसएमपीटीई पद्धतीचा डीसीपी करा.

आणि शेवटी किल्ली, केडीएम. काही किलोबाइटची फाइल, पण तिच्याशिवाय २२५ जीबी म्हणजे रद्दी. ती एका ठराविक सर्व्हरच्या प्रमाणपत्राशी बांधलेली असते आणि ठराविक वेळेतच चालते. मीडिया ब्लॉक (सर्व्हरमधला किल्ली उघडणारा भाग) बदलला की जुनी किल्ली फुकट. काही मॉडेलांत ब्लॉकमधली बॅटरी संपली तर प्रमाणपत्रच पुसलं जातं. किल्ली करणारा वेळेचा पट्टा चुकला तर सकाळचा खेळ दुपारी उघडतो. सर्व्हरचं घड्याळ पुढेमागे करून फसवावं म्हणाल, तर वर्षभरात मिळून सहा मिनिटांच्या वर हलवता येत नाही. नियमच तसा आहे.

म्हणून नियम एकच: खेळाच्या आदल्या दिवशी डीसीपी चढवा, किल्ली घाला, पहिलं मिनिट, मधला आणि शेवटचा भाग चालवून बघा. डीसीपीच्या नावात एस म्हणजे स्कोप (२०४८ बाय ८५८), एफ म्हणजे फ्लॅट (१९९८ बाय १०८०). प्रोजेक्टरचा प्रिसेट त्याप्रमाणे लावा. रुंद पडद्यावर स्कोप चुकून फ्लॅटमध्ये लागला तर चित्र मधोमध लहान आणि चारी बाजूंनी काळं.

साशंक:

@रीळमास्तर, थिएटरातही हल्ली संवाद कळत नाहीत. तिथे तर डाउनमिक्स नाही.

रीळमास्तर:

तिथे फेडर, म्हणजे आवाजाची कळ, आहे. साउंड प्रोसेसरवर ७ म्हणजे संदर्भ पातळी, कानसेन म्हणाले ती ८५. जाहिराती आणि ट्रेलर कर्कश, प्रेक्षक तक्रार करतात, मॅनेजर फेडर ५वर आणतो आणि सिनेमा सुरू झाला तरी तो तिथेच राहतो. ४ ते १०च्या पट्ट्यात एका आकड्याला ३.३ डेसिबल, म्हणजे जवळपास ७ डेसिबल गेले. सगळ्यात आधी बुडते ती कुजबुज. उपाय साधा आहे: प्लेलिस्टमध्ये ट्रेलरला ५ आणि सिनेमाला ६.५-७ असे वेगवेगळे संकेत टाकता येतात. टाकत नाहीत, हा आळस.

निमिष:

तिसरी तक्रार राहिलीये, सिनेमा मालिकेसारखा दिसण्याची.

सिनेमा २४ फ्रेम, एक फ्रेम ४१.७ मिलिसेकंद. ६० हर्ट्झच्या पडद्यावर २४ सरळ बसत नाहीत, म्हणून एक फ्रेम तीनदा, पुढची दोनदा असं करतात. त्यानं कॅमेरा आडवा फिरताना चित्र लंगडतं. १२० हर्ट्झच्या पडद्यावर प्रत्येक फ्रेम पाचदा, हिशोब चोख. मग टीव्ही कंपन्यांनी पुढची पायरी गाठली: दोन फ्रेममधलं चित्र कल्पनेनं तयार करायचं. सॅमसंगमध्ये ऑटो मोशन प्लस किंवा पिक्चर क्लॅरिटी, एलजीत ट्रूमोशन, सोनीत मोशनफ्लो. खेळाच्या सामन्याला ठीक. सिनेमाला लावलं की सेटवर उभं राहून बघतोय असं वाटतं आणि जलद हालचालीत बोटांभोवती, काठीभोवती चित्र चिघळतं. २०१८मध्ये टॉम क्रूझ आणि दिग्दर्शक क्रिस्टोफर मॅक्वॉरी यांनी खास व्हिडिओ काढून हे बंद करा म्हणून सांगितलं होतं. २०१९मध्ये फिल्ममेकर मोड जाहीर झाला, त्यात हे आपोआप बंद होतं.

सगळेच इथे थांबतात, मी थांबणार नाही. ओलेडवर (प्रत्येक पिक्सेल स्वतः उजळतो असा पडदा) ते पूर्ण बंद केलं की काहींना चित्र धक्के खातंय असं वाटतं, आणि त्यांचं खरं आहे. एलसीडीचा पिक्सेल सावकाश बदलतो, त्या धुरकटपणात दोन फ्रेममधली उडी लपते. ओलेडचा पिक्सेल जवळजवळ तत्काळ बदलतो, म्हणून प्रत्येक फ्रेम स्वच्छ थांबते आणि पुढची उडी उघडी पडते. छायाचित्रणात जुना ठोकताळा आहे की वस्तूला पडद्याच्या एका कडेपासून दुसरीपर्यंत जायला सात सेकंद तरी द्यावेत. तो मोडलेला सिनेमा ओलेडवर खटकतोच. अशा वेळी कस्टममध्ये जाऊन डीजडर (धक्के कमी करणारा आकडा) १ ते ३ ठेवा, डीब्लर (धुरकटपणा कमी करणारा) शून्य. पावित्र्य भंगत नाही.

कानसेन:

निमिष यांच्या शेवटच्या वाक्याला +१.

अवांतर: गाण्यांच्या बाबतीत सरासरी पातळी मोजून सारखी करण्यानं, म्हणजे नॉर्मलायझेशननं, एक भांडण मिटवलं. सीडीच्या काळात प्रत्येकाला आपलं गाणं शेजारच्यापेक्षा मोठं हवं असायचं, दाबून दाबून शिखरं सपाट करायचे. आता स्पॉटिफाय साधारण -१४ एलयूएफएसवर (एलकेएफएसचंच दुसरं नाव), ॲपल म्युझिक -१६वर सगळ्यांना आणून ठेवतं. -७ला दाबलेलं गाणं स्पॉटिफायवर ७ डेसिबलनं खाली ओढलं जातं आणि शिखरं सपाट ती सपाटच राहतात. ऐकणाऱ्यानं नॉर्मलायझेशन चालू ठेवावं. सलग अल्बम लावलात तर स्पॉटिफाय गाण्या-गाण्यांतला चढउतार राखतं, शफलवर मात्र प्रत्येक गाणं वेगळं मोजतं.

फुटकळ:

शेवटचा प्रश्न. ओठ आधी हलतात, आवाज मागून येतो. साउंडबारवर ऑडिओ डिले वाढवला तर आणखीच मागे गेला.

पडदेवाला:

@फुटकळ, जाणारच. डिले आवाजाला आणखी उशीर करतो, पुढे आणू शकत नाही. आवाज आधी येत असेल तरच तो वापरायचा. कान-डोळ्यांना आवाज आधी आलेला चटकन खटकतो. आयटीयू या आंतरराष्ट्रीय दूरसंचार संस्थेच्या शिफारशीत जाणवण्याचा उंबरठा आवाज ४५ मिलिसेकंद आधी किंवा १२५ नंतर असा धरलाय.

मागे पडतोय तर आवाजाचा रस्ता छोटा करा. गेम मोड चालू असेल तर बंद करा, कारण तो चित्र लवकर दाखवतो आणि आवाज आणखी मागे राहतो. टीव्ही ब्लूटूथनं बारशी जोडलाय का?

फुटकळ:

ब्लूटूथच आहे. किती मागे आहे ते मोजायचं कसं?

निमिष:

टाळी वाजवणाऱ्या माणसाची क्लिप लावा. फोनवर ६० फ्रेमनं पडदा आणि आवाज एकत्र रेकॉर्ड करा, मग संपादनाच्या ॲपमध्ये उघडा. हात भिडल्याची फ्रेम आणि आवाजाच्या रेषेतला उंचवटा यांच्यातल्या फ्रेम मोजा, एकेक १६.७ मिलिसेकंद. फोन बारपासून तीन मीटरवर असेल तर आवाजाला यायलाच ९ लागतात, ते वजा करा. ब्लूटूथच्या साध्या एसबीसी कोडेकवर १० ते १५ फ्रेम निघाल्या तर दोष ब्लूटूथचाच, सेटिंगशी झटापट करू नका.

फुटकळ:

१२ निघाल्या. एआरसीच्या खोबणीत वायर लावून, पासथ्रू करून परत मोजलं, २.

पडदेवाला:

२ म्हणजे ३३, त्यातून ९ गेले. आता डिले शून्यावरच राहू द्या.